पहाऱ्याची वही

म्हादईकाठ | सोमवार, रात्री १०:४०

गोव्यात सत्तरी तालुक्यात राहते. गाव विचारू नका, पुढचं वाचून इथले लोक तसेही ओळखतील.

तीन वर्षांपूर्वी श्रावणात ह्यांना अर्धांगवायूचा झटका आला. उजवी बाजू गेली. बोलणं थोडं परत आलं, पण शब्द चुकीच्या खणातून निघतात. पाणी हवं असतं आणि 'पावती' म्हणतात. (जन्म खाणीच्या वजनकाट्यावर पावत्या फाडण्यात गेला, त्यामुळे तो शब्द सगळ्यांत वर असणार.) मुलगा दोहाला, मुलगी बंगळुरूला. दोघं फोन करतात, पैसे पाठवतात, तक्रार नाही.

पहिली दोन वर्षं मी अंगणापलीकडे फारशी गेलेच नाही. सुरुवातीला माणसं आली. मोसंबी आली, शहाळी आली. महिन्याभरात मोसंबी आटली आणि माणसंही. दोष त्यांचा नव्हता. मीच दारात उभी राहून "बरं आहे हो, चाललंय" म्हणत त्यांना वाटेला लावायचे. घरात लघवीचा वास असायचा, मला लाज वाटायची.

गेल्या वर्षी सप्त्याची यादी करायला आमच्या वाड्यावरच्या, म्हणजे वस्तीतल्या, काकी आल्या. ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी: सप्त्यात भजन अखंड चालतं, समई विझू द्यायची नाही, म्हणून घराघरांत दोन-दोन तासांचे पहारे वाटून देतात. (पहाटे दोन ते चारचा पहारा दरवर्षी त्याच त्याच घरांना कसा मिळतो, हा वेगळ्या धाग्याचा विषय आहे.) मी म्हटलं, यंदा मला जमणार नाही. काकींनी वहीतून मान वर न करता विचारलं, "इथला पहारा कोण करतं?"

"मीच."

"रात्रीचा?"

"मीच."

त्यांनी देवळाच्या यादीचं पान उलटलं, मागच्या कोऱ्या पानावर पेनाने आडव्या रेघा मारल्या, आणि वर आमच्या घराचं नाव लिहिलं. सात दिवस, सकाळी दहा ते बारा आणि दुपारी चार ते सहा. नावं त्यांनी तिथेच, माझ्या सोप्यावर बसून, फोन करून करून भरली. मी आत जाऊन चहा ठेवला आणि साखर घालायला विसरले.

सप्ताह संपला, पण यादी थांबली नाही. वेगळी वही झाली, ती आमच्या दाराच्या आतल्या खिळ्याला दोरीने टांगलेली आहे. आता अकरावा महिना. मी ह्या काळात दात काढून आले, बँकेचं केवायसी केलं, पौषात चार रात्री धालोच्या (बायकांच्या रात्रीच्या गाण्या-नाचाच्या) मांडावर गेले. मांडावर पहिल्या रात्री ओळीत उभी राहिले तर शेजारणीने कमरेत हात घातला आणि मला ओव्याच आठवेनात. नुसती हालत राहिले.

आता अडचण. वही विरायला लागली आहे. दोघी यायच्या बंद झाल्या. एकीला मी विचारलं तर म्हणाली, "आमच्याही घरी माणसं आहेत." खोटं नाही ते, पण लागलं. दुसरं म्हणजे ह्यांना कुणी उशाशी बसलेलं आवडत नाही, डोळे मिटून भिंतीकडे वळतात. आणि तिसरं, जे रात्री झोपू देत नाही: ह्या सगळ्यांचं मी फेडू कसं? दिवाळीला लाडू दिले, त्याने काय होतं.

कुणी असं काही चालवलंय का? चालवलं असेल तर ते टिकलं कसं?


चाफा | सोमवार, रात्री ११:०२

वाचून डोळ्यांत पाणी आलं ताई. सलाम तुमच्या गावाला.


म्हादईकाठ | सोमवार, रात्री ११:१०

धन्यवाद. पाणी नको हो, जूनमध्ये इथे पुष्कळ आहे. उपाय सांगा.


कुळागर | मंगळवार, सकाळी ६:१५

वहिनी, तुमच्या तिसऱ्या प्रश्नापासून सुरू करतो, कारण बाकीचे दोन त्यातूनच आलेत असं मला वाटतं.

आमच्या लहानपणी लावणी सावडीने व्हायची. आज तुझ्या शेतात आम्ही दहाजण, उद्या माझ्या शेतात तुम्ही दहाजण. पैसा नाही. ज्याचं शेत त्याने पेज, तोंडी लावायला भाजलेला बांगडा किंवा कैरीचं लोणचं द्यायचं. सावडीला आलेल्या माणसाला कुणी धन्यवाद म्हटलेलं मी आयुष्यात ऐकलं नाही. म्हणायची सोयच नव्हती, कारण तो उपकार नव्हताच. तो उसना दिवस होता आणि तो फिटायचा.

आता प्रश्न पडेल की ज्याला चिखलात उतरताच येत नाही त्याने काय करायचं. आमच्या वाड्यावर एक म्हातारी होती, गुडघे गेलेले. ती सावडीच्या दिवशी सगळ्यांची तान्ही पोरं आपल्या ओसरीवर घेऊन बसायची. पाच-सहा पोरं, एक काठी आणि एक वाडगं कुरमुरे. तिचं शेत कधी लावणीवाचून राहिलं नाही. तिच्याविषयी कुणी "बिचारी" असं म्हणतही नसे. तिचा दिवस तिने भरलेला असे.

तुमची वही विरतेय, कारण ती एकाच बाजूने लिहिली जातेय. बायका तुमच्या घरी येतात, तुम्ही कुणाच्याच यादीत नाही. एकतर्फी मदत माणूस सहा महिने उत्साहाने करतो, पुढे ती भिडेने करतो, मग टाळतो. त्यात वाईट कुणीच नसतं.

खाजन शेतीच्या, म्हणजे खाडीकाठी बांध घालून केलेल्या शेतीच्या, गावांत बांध फुटला तर सगळ्यांनी धावायचं हा जुना दंडक. खारं पाणी एकदा आत शिरलं की ते कुणाचं कुणाचं शेत बघत नाही. तिथे माणसं दयेपोटी धावत नसत, उद्या आपलाही वाफा बुडेल हे ठाऊक होतं म्हणून धावत.


पोर्वरीची पाहुणी | मंगळवार, दुपारी १२:३०

गावातल्या लोकांना निदान वाडा तरी आहे. माझं ऐका.

पोर्वरीत फ्लॅट. मुंबईहून निवृत्त होऊन आम्ही दोघं २०१९ ला आलो, हे पुढच्याच वर्षी गेले. आमच्या इमारतीत चौसष्ट फ्लॅट, त्यांतले बहुतेक 'सेकंड होम'. पावसाळ्यात रात्री खाली उभं राहून मी पेटलेल्या खिडक्या मोजते. परवा अकरा होत्या. शेजारच्या फ्लॅटमध्ये वर्षातून दहा दिवस माणसं असतात, तेवढेच दहा दिवस भिंतीपलीकडून गाण्याचा त्रास होतो आणि मला तो चक्क हवासा वाटतो.

दोन वर्षांपूर्वी ताप आला. उठवेना. फोन चार्जिंगला दुसऱ्या खोलीत. मला कुणी शोधलं? पोदेराने, म्हणजे पाववाल्याने. सायकलवरून पोंय पोंय करत येणारा तरुण मुलगा, रोज दाराच्या कडीला दोन उंडे अडकवून जातो. तिसऱ्या दिवशी आला तर आधीच्या दोन दिवसांची पिशवी तशीच. तो खाली जाऊन वॉचमनशी भांडला, दार उघडायला लावलं. त्याला माझं नाव माहीत नव्हतं. वॉचमनला म्हणाला, "दोन उंडेवाली आजी."

त्यानंतर खालच्या मजल्यावरच्या दोघींशी मी ओळख काढली. तिघी एकट्या. आमचा नियम एकच: सकाळी नऊच्या आत स्वयंपाकघराच्या खिडकीचा पडदा सारायचा. पडदा बंद दिसला तर फोन, फोन उचलला नाही तर किल्ली. किल्ल्या एकमेकींकडे आहेत. गप्पा मारायलाच हव्यात असं नाही, आमच्यातल्या एकीला गप्पा आवडतही नाहीत. पण साडेआठला पडदा ओढताना समोर कुणीतरी बघणार आहे हे माहीत असतं, म्हणून मी केस विंचरायला लागले आहे.


बिनपत्त्याचा | मंगळवार, रात्री ९:४५

सगळं छान छान चाललंय म्हणून थोडं मीठ टाकतो.

'पहारा' ह्या शब्दात पहारेकरी बसलाय हे कुणाच्या लक्षात आलं का? जे गाव उशाशी बसतं तेच गाव उंबऱ्यावरही बसतं. मी घटस्फोटानंतर गावच्या घरी राहायला आलो तेव्हा मला मदत पुष्कळ मिळाली. डबे आले. डब्याबरोबर प्रश्न आले. पगार किती, दुसरं लग्न कधी, रात्री दिवा उशिरापर्यंत का चालू असतो. गणेश चवथीला माटोळीचं (गणपतीवर टांगायच्या फळाफुलांचं) सामान कुणी न मागता आणून दिलं आणि पुढच्या पंचायतीच्या निवडणुकीत त्याची आठवणही करून दिली. आणि ज्यांना गावाने वाळीत टाकलं त्यांची सावड कोण करत होतं? कुळागरांची म्हातारी दुसऱ्या वाड्यावरची असती तर पोरं सोडली असती का तिच्या ओसरीवर?

शेवटी शहरात फ्लॅट घेतला. माझ्या आईला सांभाळायला पगारी बाई ठेवली. पैसे दिले, हिशेब संपला. वहिनींनीही तेच करावं असं माझं स्पष्ट मत. मुलगा दोहाला आहे म्हणता.


कुळागर | बुधवार, सकाळी ६:०५

सोडली नसती. तुमचं बरोबर आहे, आणि ते मी लिहायला हवं होतं. सावडीतही कुणाबरोबर पेज प्यायची आणि कुणाला वेगळं पान, हे होतंच. मला ती सावड परत नकोय. तिच्यातली परतफेडीची सोय तेवढी हवी आहे.


म्हादईकाठ | बुधवार, दुपारी ३:२०

@बिनपत्त्याचा, पगारी बाई ठेवली होती. महिना अठरा हजार. कामाला चोख होती. तिच्या घरी चवथ आली, ती पंधरा दिवस गेली आणि परत आली नाही, त्यात तिची चूक नव्हती. पण खरं सांगू? ती असताना मला घरात बोलायला कुणी नव्हतं ते नव्हतंच. ह्यांची कूस बदलणारे हात मिळाले, माझी कूस तशीच.

उंबऱ्यावरच्या प्रश्नांचं मात्र अगदी पटलं. वहीच्या पहिल्याच पानावर मी नंतर एक ओळ लिहिली: "तब्येत कशी आहे हे त्यांच्यासमोर विचारू नये. मुलगा कधी येणार हे मला विचारू नये." दोन आठवडे सगळ्या गप्प बसायच्या, कारण दुसरं काय बोलायचं हेच त्यांना सुचेना. मग हळूहळू स्वतःचं बोलायला लागल्या.


रात्रपाळी | बुधवार, रात्री ११:५०

नर्स आहे, म्हणून कामाचं आधी लिहिते.

अंथरुणाला खिळलेल्या माणसाची कूस साधारण दर दोन तासांनी बदलायची असते, नाहीतर माकडहाड, टाचा, कमरेच्या हाडांवर जखमा होतात. तुमचा पहारा दोन तासांचाच आहे! तेव्हा पहारा सुरू होताना आणि संपताना आलेल्या बाईने आणि तुम्ही मिळून कूस बदलायची, असं वहीत लिहून टाका. दोन माणसं असली की ओढावं लागत नाही, चादरीसकट वळवता येतं. आणि आल्या आल्या कातडीवर कुठे लाल डाग दिसतोय का ते बघायचं. दाबून सोडला तरी लालच राहिला तर त्या बाजूवर परत झोपवू नका, डॉक्टरांना दाखवा.

दुसरं, प्रेमाने कुणी आडवं असतानाच पेज भरवत असेल तर थांबवा. झटक्यानंतर गिळणं बिघडलेलं असू शकतं, घास श्वासनलिकेत जातो. पाठ सरळ टेकवून बसवायचं, लहान घास, आणि भरवून झाल्यावरही अर्धा तास तसंच बसवून ठेवायचं.

तिसरं तुमच्याविषयी. रात्री झोप नाही, लाज वाटते, फेडायचं कसं ही टोचणी, हे मी वॉर्डच्या बाहेरच्या बाकांवर रोज बघते. रुग्णाचा केसपेपर असतो, बाकावरच्या बाईचा नसतो. टेली मानस ह्या सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइनचा १४४१६ हा नंबर चोवीस तास असतो, फुकट आहे. फोन केला म्हणजे वेड लागलं असं नाही.

एक गोष्ट आपल्या गोव्यातली, बऱ्याच जणांना माहीत नसते. पोर्वरीच्या 'संगथ' संस्थेने इथल्या सरकारी आरोग्य केंद्रांत एक मोठी चाचणी केली होती. उदासी आणि चिंतेच्या रुग्णांशी बोलायला डॉक्टर नव्हे, तर थोडं प्रशिक्षण दिलेल्या गावातल्याच साध्या बायका. २०१० साली 'लॅन्सेट' ह्या वैद्यकीय नियतकालिकात निष्कर्ष छापून आले: ह्या पद्धतीने सरकारी केंद्रांतले रुग्ण जास्त प्रमाणात बरे झाले. तिथे एक लहानसा फरक होता जो तुमच्या काकींना सांगा: त्या बायकांना ऐकायला शिकवलं होतं. सल्ला देणं आपल्याला जन्मजात येतं, ऐकणं शिकावं लागतं.


तारवटीण | गुरुवार, सकाळी १०:१५

वास्कोहून. नवरा बोटीवर, नऊ महिने पाणी आणि तीन महिने जमीन. आमच्या इमारतीत अशा चौघी आहोत. आमची वही व्हॉट्सॲपवर आहे. शाळेचा दाखला, गॅसचा सिलिंडर, सासूचा रक्तदाब, सगळं तिथे. नियम फक्त एक: भर समुद्रात असलेल्या माणसाला वाईट बातमी एकटीने कळवायची नाही. आधी गटात सांगायचं, कुणीतरी येऊन शेजारी बसेल, मग फोन. कारण तो तिकडून काहीच करू शकत नाही, आणि तुमचा आवाज ऐकून त्याची उरलेली पाळी कशी जाते ते त्याला ठाऊक.

२०२० ला हे सगळं पणाला लागलं. नवरे बोटींवर अडकलेले, उतरायला बंदर मिळेना. इकडे १ जूनला मांगोर हिल कंटेनमेंट झोन झालं, माझी नणंद आत. आतल्या बायकांनी एकमेकींची पिठं-डाळी वाटून काढली. पण त्याहून वाईट नंतरचे महिने होते. 'वास्कोची' म्हटलं की बाजारात माणसं दोन पावलं मागे सरायची. आत कोंडलेलं असताना निदान सगळे एकत्र कोंडलेले होते. बाहेर आल्यावर नणंद म्हणाली, आता खरं क्वारंटाइन सुरू झालं.

तसं बघितलं तर आमचा दामोदराचा सप्ताहसुद्धा साथीतूनच आला. एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी गावात साथ होती, लोकांनी जांबावलीच्या दामोदराला साकडं घातलं, तेव्हापासून दरवर्षी चोवीस तासांचं भजन होतं. आता फेरीच (जत्राच) एवढी मोठी भरते की मूळ कारण विसरायला होतं.


खाणबंद | गुरुवार, रात्री ८:४०

वहिनी, तुमच्या दुसऱ्या प्रश्नावर कुणी नीट बोललेलं नाही. तुमच्या यजमानांना उशाशी कुणी बसलेलं का आवडत नाही, ते मी सांगतो. मी डिचोलीचा. माझे दोन ट्रक होते.

२०१२ ला खाणी थांबल्या तेव्हा वाटलं, चार-सहा महिने. मध्यंतरी जरा सुरू झालं. मग २०१८ च्या फेब्रुवारीत सुप्रीम कोर्टाने ८८ लीज रद्द केली आणि १६ मार्चपासून पुन्हा सगळं ठप्प. कोर्टाने बरोबर केलं की चूक, त्यावर इथे भांडू नका, आमच्या गावच्या विहिरींचं पाणी कसं झालं होतं तेही मला माहीत आहे. मी सांगतोय ते वेगळं. ट्रक अंगणात उभा. टायरांतली हवा गेली, बॉनेटवर भोपळ्याचा वेल चढला. बायको सेल्फ हेल्प ग्रुपमध्ये जायला लागली, मसाले, पापड, आमसुलं. तिचा महिना सुरू झाला आणि माझा थांबला. मला भेटायला माणसं यायची, "कसं चाललंय" विचारायची, आणि मी त्यांना चुकवून मागच्या दाराने काजूच्या भाटात जाऊन बसायचो. दारू किती वाढली ते लिहीत नाही.

मला बाहेर कुणी काढलं? सहानुभूती दाखवणाऱ्याने नाही. एका गाववाल्याने, ज्याला पॉवर टिलर दुरुस्त करायचा होता. तो म्हणाला, "तुला इंजिन कळतं, मला कळत नाही, ये." गेलो. दुपारपर्यंत हात तेलात. त्याने पैसे दिले नाहीत, एक घड केळी दिली. ती मी खांद्यावर घेऊन रस्त्याच्या मधून चालत घरी आलो.

तुमच्या यजमानांनी आयुष्यभर वजनं आणि पावत्या लिहिल्या. उजवा हात गेला, बोलणं अडखळतं, पण आकडे? आकडे चुकतात का त्यांचे? विचारून बघा. त्यांच्या उशाशी बसू नका, त्यांच्याकडे काम घेऊन जा. पत्ते खेळायला दोन पुरुष पाठवा, डाव्या हाताने पानं धरता येतात, नाहीतर तांदळाच्या पाटीत उभी करून ठेवा. आणि पहाऱ्याच्या यादीत सगळ्या बायकाच का आहेत, हेही मला कुणीतरी सांगा.


रात्रपाळी | गुरुवार, रात्री ९:०५

शेवटच्या ओळीला दहा वेळा अनुमोदन.


कुळागर | शुक्रवार, सकाळी ६:१०

खाणबंद यांचं वाचून रात्री झोप लागली नाही, म्हणून एक आठवण. थोडं विषयांतर, चालवून घ्या.

आमच्या सावई-वेऱ्यात मोहन रानडे मराठीचे शिक्षक म्हणून आले होते. पुढे आझाद गोमंतक दलात गेले, १९५५ साली बेतीच्या पोलीस चौकीवरच्या हल्ल्यात जखमी होऊन पकडले गेले, आणि त्यांना पोर्तुगालला नेऊन लिस्बनजवळच्या काशियसच्या तुरुंगात टाकलं. १९६१ ला गोवा मुक्त झाला. आम्ही मिरवणुका काढल्या. रानडे आतच. सुटले ते १९६९ च्या जानेवारीत. त्यांतली कित्येक वर्षं एकांतवासात. इकडे सुधीर फडके वगैरे मंडळींनी त्यांच्या सुटकेसाठी समिती काढून सतत खटपट चालू ठेवली होती.

शाळेत असताना मी वडिलांना विचारलं होतं, सगळं स्वातंत्र्य मिळून गेल्यावर एकटाच माणूस आत, त्याला कसं वाटत असेल? वडील म्हणाले, त्याचं माहीत नाही, पण आपल्या इथे त्याचं नाव निघायचं थांबलं नाही एवढं खरं. झटका येऊन गेला की जग मिरवणूक काढून पुढे निघून जातं. नाव निघत राहिलं पाहिजे, आणि ते आजाऱ्याच्या यादीत नको.


सोमेश्वराची लेक | शुक्रवार, दुपारी ४:००

वाचनमात्र होते, राहवलं नाही. आम्ही मूळ कुर्डीचे, साळावली धरणाखाली गेलेल्या गावचे, मोगूबाई कुर्डीकरांच्या गावचे. सरकारने जमीन दिली, पैसे दिले. पण घरं देताना कुणाशेजारी कोण होतं हे कुणी लिहून घेतलं नव्हतं. आजीला नव्या वसाहतीत रात्री दुखलं तर हाक कुणाला मारायची ते कळेना, कारण जिला हाक मारायची ती दुसऱ्या वसाहतीत. मे महिन्यात पाणी ओसरतं तेव्हा आम्ही सगळे सोमेश्वराला जमतो. लोक फोटो काढायला येतात, भेगाळलेली जमीन, जोती, तुळशी वृंदावनं. आमची आई तिथे गेली की जोत्यांवरून चालत आपल्या जुन्या शेजारणीच्या जोत्यावर जाऊन बसते, आणि शेजारीण आपल्या जोत्यावरून तिला हाका मारते. दोघी सत्तरीच्या पुढच्या.

वहिनी, वही विरू देऊ नका एवढंच.


म्हादईकाठ | तीन आठवड्यांनी, रविवार, रात्री ९:३०

उशीर झाला. मध्ये पाऊस, वीज नाही, नेट नाही. काय काय झालं ते लिहिते.

आकडे चुकत नाहीत! भजनी मंडळाचं जमाखर्चाचं बाड काकींनी आणून ह्यांच्या पुढ्यात ठेवलं आणि "हे जुळत नाही, बघा" म्हणून निघून गेल्या. दोन दिवस लागले. डाव्या हाताने बोट ठेवत ठेवत गेल्या वर्षीच्या खर्चात ३४० रुपयांची चूक काढली. पेट्रोमॅक्सचं भाडं दोनदा धरलं होतं. मला हाक मारून बोट दाखवलं आणि म्हणाले, "पाणी." पावती म्हणायचं होतं. दोघंही हसलो, किती दिवसांनी ते मोजत नाही. यंदाच्या सप्त्याचा हिशेब आता आमच्या घरी आहे, त्यामुळे वर्गणी द्यायला पुरुषमाणसं येतात, आणि आली की अर्धा तास बसतात. दोघांची नावं वहीत लिहिली. एकाने कूस बदलताना स्वतःचीच पाठ धरून घेतली, पण येतो.

माझी सावड: मी घरीच असते, हे आजवर मला अवघड वाटायचं. आता वाड्यावरच्या चार घरांच्या किल्ल्या आमच्या खिळ्याला आहेत. शाळेतून दुपारी येणारी तीन पोरं आईबाबा येईपर्यंत आमच्या सोप्यावर असतात. पाढे म्हणायला ह्यांच्यासमोर बसवते. सतरा नव्वे चुकला की ह्यांची डावी भुवई वर जाते, पोरं घाबरतात.

आणि ती, "आमच्याही घरी माणसं आहेत" म्हणणारी. तिच्या सासूला आता रात्रीचं काही कळत नाही, उठून दार उघडून चालू लागते. तिने गावात कुणालाच सांगितलं नव्हतं. मी मंगळवारी, पत्तेवाले इकडे बसलेले असताना, तिच्याकडे गेले. ती दारात उभी राहून म्हणाली, "बरं आहे, चाललंय." मी म्हटलं, हे वाक्य माझं आहे, मला सांगू नकोस. दोन तास सासूजवळ बसले, ती आत झोपली. वहीत दुसरं पान आखलंय.

@बिनपत्त्याचा, प्रश्न विचारणं पूर्ण थांबलेलं नाही. परवाच एकीने मुलगा कधी येणार म्हणून विचारलं. मी पहिलं पान उघडून दाखवलं.

एक खड्डा अजून आहे: गुरुवारी दुपारी चार ते सहा. ती मुलगी नोकरीला लागली.


बिनपत्त्याचा | रविवार, रात्री १०:१५

पान उघडून दाखवलं, हे आवडलं. माझं मत तेच आहे, पण वहीच्या त्या पहिल्या पानाचा फोटो पाठवाल का? आईच्या इमारतीत लावायचा आहे.


वाचनमात्र_वाळपई | रविवार, रात्री १०:४०

पहिल्यांदाच लिहितोय. वाळपईत नोकरी, गाव लांब, खोली भाड्याची. गुरुवारी मला अर्धा दिवस असतो आणि तो कसा घालवायचा हे दोन वर्षं कळलेलं नाही. पत्ते येतात. कूस बदलायला शिकवावं लागेल. परका माणूस चालेल का?


म्हादईकाठ | रविवार, रात्री १०:५२

व्यक्तिगत निरोपात पत्ता पाठवला आहे. गुरुवार लिहिला, नाव आल्यावर भरते. ओहोळावर पाणी असेल तर वरच्या वाटेने या. कुत्रा भुंकतो, चावत नाही.